चिकाटीपलीकडचे अभियंते

सॅम्युअल स्माइल्स यांचे ‘लाइव्ह्ज ऑफ द इंजिनिअर्स’ (१८६१-६२) आम्ही आवडीने वाचतो. जॉर्ज स्टीफन्सनची जिद्द मुलांना जरूर सांगावी. पण मुर्रीच्या मुलाने विचारले, “आपल्या गोंदियाहून सातपुड्यात गेलेला रूळ अरुंद का होता?” तर हे पुस्तक फारसे उपयोगी पडत नाही.

१९०३-०४ मध्ये घातलेल्या त्या रुळांतील अंतर ७६२ मिलिमीटर होते. अंतर कमी असले की वळणे तीव्र घेता येतात, डोंगर कमी फोडावा लागतो, खर्च वाचतो. मात्र गोंदियाला १६७६ मिलिमीटरच्या मार्गावर माल पाठवायचा तर पोती एका डब्यातून दुसऱ्यात हलवणे आले. स्माइल्स यांच्या नायकांच्या चिकाटीपुढे असा हिशेब मागे पडतो. सातपुड्याचा तो मार्गही आता रुंद झाला आहे.