सामाईक फाइल आणि गावाचे नाव

संगणकावरील अर्जांच्या रचनेत एकच नियम अनेक पानांना लागू करावयाचा असता तो प्रत्येक पानावर पुन्हा न लिहिता एका सामाईक फाइलीत ठेवावा, हे तत्त्व सर्वमान्य आहे. २००५ साली आलेल्या एएसपी डॉट नेटच्या दुसऱ्या आवृत्तीने ‘अ‍ॅप कोड’ नावाच्या फोल्डरची सोय करून ‘वेब फॉर्म्स’ पद्धतीच्या अर्जांत हे तत्त्व सुलभ केले. त्या फोल्डरातील आज्ञावली आपोआप संकलित होते व सर्व पानांना उपलब्ध होते. या व्यवस्थेचा गुण उघड आहे: दुरुस्ती एके ठिकाणी केली की ती सर्वत्र पोहोचते. तथापि नियम एकत्र आला म्हणजे तो निर्दोष झाला, असे नव्हे. किंबहुना त्याचा दोषही तितकाच सार्वत्रिक होतो.

वाशीम जिल्ह्याच्या मालेगाव तालुक्यातील, अंतरिक्ष पार्श्वनाथाच्या मंदिरामुळे प्रसिद्ध असलेल्या ‘शिरपूर जैन’ या गावाचे नाव येथे कसोटीस घ्यावे. सामाईक फाइलीत असा नियम आहे असे समजू, की गावाच्या नावात केवळ शब्दातील अक्षरे व मोकळी जागा असावी. शब्दातील अक्षरासाठी नमुनासूत्रांच्या भाषेत उलटी तिरकस रेघ व ‘डब्ल्यू’ ही संक्षिप्त खूण रूढ आहे. सूत्र तपासणारे साधन तेच सूत्र ब्राउझरमध्ये आणि सर्व्हरवर, असे दोनदा वापरते. ब्राउझरमधील जावास्क्रिप्टच्या दृष्टीने या खुणेत रोमन अक्षरे, इंग्रजी अंक व अधोरेषा एवढेच येते. म्हणून दोन्ही शब्द तेथेच नाकारले जातात. सर्व्हरवरील डॉट नेट फ्रेमवर्क अधिक उदार आहे. ते सर्व लिप्यांची अक्षरे स्वीकारते, परंतु स्वरचिन्हांपैकी स्वतंत्र जागा न व्यापणारी तेवढीच मानते. युनिकोडच्या वर्गीकरणात उकार, एकार व ऐकार या गटात पडतात. काना, वेलांटी व ओकार पडत नाहीत. परिणाम असा, की ‘जैन’ ग्राह्य ठरतो आणि ‘शिरपूर’ पहिल्याच ह्रस्व वेलांटीपाशी अग्राह्य होतो.

एकच सूत्र, दोन वाचक आणि दोन निर्णय. आणि दोहोंतही मराठी अक्षरविचाराला स्थान नाही. ‘शि’ हे मराठी लेखकाच्या दृष्टीने एक अक्षर आहे. यंत्रापुढे ते दोन चिन्हे होऊन येते व त्यांतील एकावर शब्दाचा हक्क नाकारला जातो. अर्जदाराला मात्र ‘नाव अयोग्य आहे’ एवढाच शेरा दिसतो. चूक गावाच्या नावाची नव्हे, हे त्याला कळण्याचा मार्ग नसतो. अंकांचीही गत अशीच आहे. अंकाची संक्षिप्त खूण सर्व्हरवर देवनागरी अंक स्वीकारते. पण त्या मजकुराची संख्या करणारी पुढची क्रिया त्यांना नाकारते.

उपाय अवघड नाही. सर्व लिप्यांची अक्षरे आणि सर्व प्रकारची जोडचिन्हे असे दोन वर्ग सूत्रात स्पष्ट नोंदवावे. डॉट नेटमध्ये तशी सोय आहे. जावास्क्रिप्टमध्ये ती २०१८ च्या प्रमाणाने आली. मात्र उपर्युक्त साधन ब्राउझरमध्ये त्यासाठी लागणारी खूण लावीत नाही, म्हणून तेथील तपासणी वेगळी लिहावी लागते. देवनागरीचा ०९०० पासून ०९७एफ पर्यंतचा संपूर्ण पट्टा लिहिण्याचा सोपा मार्ग दोन्हीकडे चालतो, परंतु त्यात दंड व देवनागरी अंकही आत येतात.

येथे सामाईकतेची मर्यादाही लक्षात घ्यावी. ‘अ‍ॅप कोड’चे क्षेत्र एका अर्जप्रणालीपुरते असते. अनेक प्रणालींसाठी संकलित ग्रंथालय प्रत्येकीच्या ‘बिन’ फोल्डरात नकलून ठेवले, तर मूळ फाइल सुधारली तरी जुनी नक्कल जुन्याच नियमाने नाव नाकारीत राहते. एकदा लिहिलेला नियम सर्वांचा असतो. म्हणून तो लिहिताना कोणाची नावे डोळ्यांपुढे होती, हा प्रश्न तांत्रिक राहत नाही. ज्या सामाईक फाइलीची परीक्षा ‘शिरपूर जैन’ अशा नावावर झालेली नाही, तिला महाराष्ट्रापुरते तरी सामाईक म्हणणे अकालीच ठरेल.