उत्तर न देणारा कॅमेरा

राहुल जैन यांचा ‘मशीन्स’ (२०१६) हा माहितीपट पाहताना सुरुवातीची वीसेक मिनिटं मी अस्वस्थ होतो, आणि तेही कामगारांचे हाल पाहून नव्हे. चित्रंच फार देखणी आहेत. सुरतजवळच्या सचिनमधला कापडाचा कारखाना, भट्टीचा केशरी उजेड, लाटांसारखं उलगडत जाणारं कापड, रंगात बुडालेले उघडे हात. निवेदन नाही; यंत्रांची घरघर तेवढी. छायाचित्रणाला सनडान्समध्ये पारितोषिक मिळालं, ते योग्यच. पण बारा तासांची पाळी अशी नेत्रसुखद का व्हावी?

शंका मोडली ती एका पोरानं. यंत्रापाशी उभ्या उभ्या त्याला डुलकी लागते. मान पडते, तो दचकून सावरतो, ती पुन्हा पडते. कापडाच्या लाटांवर ज्या सबुरीनं कॅमेरा थांबला होता, त्याच सबुरीनं तो इथंही थांबतो. हळूहळू देखणेपण विरतं आणि नुसता वेळ उरतो. बारा तास हा आकडा एरवी आपण सहज वाचून पुढे जातो. इथं तो अंगावर येतो.

बोलणारी माणसं मोजकीच. एक कामगार म्हणतो, माझं शोषण होत नाही; कर्ज काढून मी स्वतःहून आलो. मालक सीसीटीव्हीच्या पडद्यासमोर बसून सांगतो, की पोट भरलं तसा कामगार कंपनीची पर्वा करीनासा झाला. दिग्दर्शक दोघांनाही टोकत नाही. टोकायची गरजही नाही.

शेवटी मात्र हे मौन खटकतं. कामगार कॅमेऱ्याभोवती जमतात. पुढाऱ्यांसारखे येता, ऐकता, निघून जाता. काय करायचं ते सांगा, आम्ही करू, असं त्यांचं म्हणणं. उत्तर येत नाही. आनंद पटवर्धन यांच्या ‘बॉम्बे : हमारा शहर’मधली (१९८५) बाई इथं आठवते. गरिबांची चित्रं काढून तुम्ही नाव कमावणार, असं ती त्यांना तोंडावर सुनावते आणि पटवर्धन ते चित्रपटात ठेवतात. पुढे ‘ऑक्युपेशन : मिल वर्कर’मध्ये (१९९६) बंद पडलेल्या न्यू ग्रेट ईस्टर्न मिलमध्ये कामगार घुसतात, तेव्हा कॅमेरा कुणाच्या बाजूला आहे हे विचारावं लागत नाही. अर्थात तिथं कामगार एकजुटीनं उभे होते. परप्रांतांतून आलेल्या, पाळीपाळीत विखुरलेल्या सचिनच्या मजुरांमागे तसं काही दिसत नाही, हे जैन यांच्या बाजूनं म्हणायला हवं.

तरी एक गोष्ट त्यांना सांगता आली असती. आजोबांच्या कापडगिरणीत लहानपणी आपण हिंडलो, हे त्यांनी मुलाखतींत सांगितलं आहे. चित्रपटात त्याचा उल्लेख नाही. आपण गिरणीवाल्याच्या नातवाला जाब विचारतो आहोत हे त्या घोळक्याला ठाऊक असतं, तर त्यांनी हाच प्रश्न विचारला असता का? आणि प्रेक्षकाला ठाऊक असतं, तर ते मौन त्याला कसं ऐकू आलं असतं?