कुंभाराचं गाढव आणि दहा राग

मंडळी, तत्त्वज्ञानाच्या व्याख्यानात डिस्को कुठून आला, असं काहींच्या मनात येईल. येऊ द्या. आज आम्ही बोलणार आहोत ते चरणजित सिंग यांच्या एका तबकडीबद्दल. नाव 'सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट', साल १९८२, कंपनी एचएमव्ही. तेव्हा तिच्याकडे फारसं कुणी वळून पाहिलं नाही. २०१० मध्ये हॉलंडच्या 'बॉम्बे कनेक्शन' या छोट्या कंपनीने ती पुन्हा काढली आणि जगभर बोभाटा झाला : शिकागोच्या 'अ‍ॅसिड हाऊस'च्या पाच वर्षे आधी मुंबईतल्या एका माणसाने तेच करून ठेवलं होतं!

चरणजित सिंग हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदातले वादक. २०१५ साली वारले. त्यांनी वापरलेली यंत्रं जपानच्या रोलंड कंपनीची : ज्युपिटर-८, टीआर-८०८ हे तालयंत्र आणि टीबी-३०३. हे शेवटचं म्हणजे एकट्या गिटारवाल्याला बेसची साथ मिळावी म्हणून केलेली पेटी. बाजारात ती आपटली, जुनी पेटी स्वस्तात मिळू लागली आणि शिकागोच्या पोरांनी तिच्या कळा पिळून 'अ‍ॅसिड ट्रॅक्स' बनवलं. ते १९८७ साल.

आता या 'आधी'पाशी जरा थांबू. नैयायिक विचारतात, घडा होण्याआधी काय काय असतं? माती, चाक, दांडा, कुंभार. आणि माती वाहून आणणारं गाढवही. मग गाढव घड्याचं कारण का? नाही, ते 'अन्यथासिद्ध'. (रागावू नका, गाढव शास्त्रातलंच आहे.) इथे तर मातीही वाहिली गेलेली नाही, शिकागोत ही तबकडी कुणी ऐकल्याचं कुणी दाखवलेलं नाही. दोन्हीकडे कारण एकच : ती पेटी. तेव्हा 'अ‍ॅसिड हाऊसचा जनक' ही पदवी आम्हाला सन्मानाची वाटत नाही. तिच्यामुळे आपण तबकडीत शिकागो तेवढं ऐकतो, राग ऐकायचे राहून जातात.

राग म्हणून ऐकलं तर काय हाती लागतं? पहाटेचा ललत आणि उत्तररात्रीचा मालकंस, दोघांनाही जवळजवळ एकच चाल, सुमारे पाच-पाच मिनिटं. पेटी एका सुरावरून दुसऱ्यावर घसरते, पण ठरल्या वेळात. मींड म्हणजे वेळ न ठरवता घसरणं. तालयंत्राला सोळा घरं आहेत, आपल्या तीनतालालाही सोळा मात्रा. पण नवव्या मात्रेला खाली येते, हात उघडा पडतो, तो श्वास यंत्राला ठाऊक नाही. यमन आम्हाला उरकल्यासारखा वाटला. भूपाली मात्र तरते, पाचच सूर, मध्ये मोकळी जागा. आणि ललतातले ते दोन खेटलेले मध्यम! तिथे पेटीचा किरकिरा आवाज एकदम कामाला येतो. हे यश फ्यूजनचं नव्हे, कानाचं आहे. कोणता सूर यंत्रावर सोडायचा हे या माणसाला कळत होतं.

'प्रत्यभिज्ञा' म्हणजे 'तोच हा' अशी ओळख. तिला पूर्वी पाहिलेलं असावं लागतं. हॉलंडवाल्यांच्या कानात शिकागो होतं, म्हणून त्यांना ओळख पटली. आपल्या कानात दहाही राग होते, तबकडीही आपल्याच शहरातली. आपल्याला पटली नाही. आमच्या दातिवऱ्यात हळदीला कीबोर्ड आणि ऑक्टोपॅड वाजतो. पोरगं कोळीगीताची चाल जपानी यंत्रात बसवतं, आणि आपण 'आवाज कमी करा रे' म्हणतो. त्याच्या आधीच्या पिढीच्या कॅसेटी खाऱ्या हवेत बुरसताहेत. त्या पुन्हा काढायला हॉलंडहून कुणी यायची वाट बघायची का? कुणाच्या माळ्यावर असतील तर निदान भंगारात देऊ नका, आमच्याकडे आणा.

प्रश्न मागाहून घेऊ. आधी तो ललत लावा. पाच मिनिटांचाच आहे.