शोकात्म बॅलडचे पडद्यावरील रूपांतर

बाजारात उभे राहून, चित्रफलकाकडे काठी रोखीत मृत्यूच्या कथा गाणाऱ्या गायकांची परंपरा जर्मनीत होती. पुण्याच्या मंडईची वास्तू १८८६ सालची; तिच्याजवळच १९१५ साली ‘आर्यन’ चित्रपटगृह सुरू झाले. बाजार आणि पडदा यांच्या या शेजारामुळे एक प्रश्न सुचतो : गायकाच्या मुखातील शोककथा पडद्यावर नेताना नेमके काय हरवते?

गटेच्या ‘एर्लक्योनिग’ (१७८२) या बॅलडमध्ये निवेदक, पिता, पुत्र व पिशाचराज असे चार आवाज एकाच कंठातून उमटतात. निवेदन वर्तमानकाळात चालते; बालकाच्या मृत्यूची वार्ता देताना मात्र क्रियापद भूतकाळी होते. शोकाचा सारा भार या काळबदलावर आहे. दूरचित्रवाणीवर पिशाचराज प्रत्यक्ष दिसला, की तो खरा की ज्वराचा भास, हा संशयच संपतो.

मराठीत या प्रश्नाची कसोटी तुळशीदास शाहिराच्या तानाजीवरील पोवाड्याने लागते. तेथे सोंगट्यांच्या डावात जिजाबाई गड मागते आणि पुत्र रायबाच्या लग्नाची तयारी सोडून तानाजीला मोहिमेवर निघावे लागते. ही कथा उभी राहण्यास कोणा खलपुरुषाचे पाप लागत नाही. दोन कर्तव्ये समोरासमोर येतात, एवढे पुरे होते. शिवाय जिजाबाई, राजा आणि तानाजी या तिघांनाही एकच शाहीर वाचा देतो, त्यामुळे श्रोता कोणा एकाचा पक्ष घेऊ शकत नाही.

बाबूराव पेंटर (१९२३) व व्ही. शांताराम (१९३३) या दोघांच्याही ‘सिंहगड’ चित्रपटांचा आधार पोवाडा नसून हरि नारायण आपटे यांची कादंबरी होय. तीत उदयभानूने पळवून आणलेल्या कमलकुमारीचे उपकथानक आहे; २०२० च्या ‘तान्हाजी’तही उदयभानूच्या बंदिवासातील कमलादेवी येते. त्यामुळे गड घेणे हे अन्यायाचे परिमार्जन ठरते. वीररस वाढतो, परंतु शोकाचे कारण कर्तव्याकडून दुष्टाकडे सरकते. हे रूपांतर रंजक असले, तरी शोकात्मतेच्या दृष्टीने उणेच म्हणावे लागेल.

दूरचित्रवाणीचा लहान पडदा या बाबतीत अधिक अनुकूल आहे. तेथे रणभूमीच्या विस्तारापेक्षा निकटचा चेहरा परिणामकारक ठरतो. डफ, तुणतुणे आणि झीलकऱ्यांसह शाहीर पडद्यावर राहिला, पात्रे त्याच्या शब्दांतून क्षणभर प्रकटून पुन्हा त्याच्यातच विलीन झाली, तर बॅलडचा प्राण टिकेल. रूपांतरकाराने प्रसंग खुशाल गाळावेत. निवेदकाला मात्र गाळू नये.