गाणारे सुतार

क्रिस्टोफर पाओलिनीच्या ‘एल्डेस्ट’ (२००५) या कादंबरीतले एल्फ झाडापुढे गातात आणि झाडाचं घर होतं. सुतार नको, खिळे नकोत! आमच्या गाण्याने तुळससुद्धा मान टाकते, ते सोडा. माझी तक्रार निराळी. याच लेखकाचा नियम असा, की हाताने करताना जितकी शक्ती लागते तितकीच मंत्रानेही खर्ची पडते. झकास नियम! पण त्या घरांकडे बघून मला कुणाचा घाम जाणवत नाही. एल्फ म्हातारेच होत नाहीत. त्यांना कसली घाई? मेघालयातले खासी लोक रबराच्या झाडाच्या (हो, तेच, आपल्या दिवाणखान्यातल्या कुंडीतलं!) पारंब्या ओढ्यापलीकडे वळवून जिवंत पूल करतात. त्यात वर्षानुवर्षं जातात. वळवणारा म्हातारा होतो, पुलावरून नातू जातो. तो म्हातारा मला या कादंबरीत हवा होता.