मथळ्यांतील धर्म

वर्तमानपत्राच्या भाषेचें परीक्षण करण्याचा प्रघात आमच्या वाङ्मयीन मासिकांत फारसा नाहीं. कादंबरीकाराचा एखादा शब्द चुकला तर टीकाकार चार पानें खर्ची घालतो. परंतु जें गद्य घरोघर रोज सकाळीं चहाबरोबर वाचलें जातें, त्याकडे भाषेच्या दृष्टीनें पाहण्याची तसदी कोणी घेत नाहीं. ही उपेक्षा महाग पडते, असें आमचें मत आहे. परधर्मासंबंधीं व स्वधर्मासंबंधींही ज्या कल्पना आज सुशिक्षित घरांत दृढ झालेल्या दिसतात, त्यांपैकीं फार थोड्या ग्रंथांतून, कीर्तनांतून अगर शेजाऱ्याच्या सहवासांतून आलेल्या असतात. पुष्कळशा मथळ्यांतून येतात. म्हणून मथळ्यांतील नाम, विशेषण आणि क्रियापद यांचा विचार हा केवळ व्याकरणाचा राहत नाहीं. तो नीतीचा होतो.

आम्ही नरडाण्याचे. मुंबई-आग्रा रस्ता आमच्या गांवावरून जातो आणि सुरत-भुसावळ लोहमार्गही येथूनच जातो. असल्या ठिकाणीं परका मनुष्य ही नवलाची गोष्ट नसते. भगवी कफनी घातलेला, डमरूसारखा लहानसा डवर वाजवीत येणारा गोसावी आमच्या लहानपणीं दारीं आला, कीं आजी सुपांतून मूठभर ज्वारी काढी आणि आम्हांस ती त्याच्या झोळींत घालावयास लावी. तो कोठला, कोणाचा, हें तिनें कधीं विचारलें नाहीं. "नाथाचा माणूस आहे" एवढी ओळख तिला पुरत असे.

याच आमच्या धुळें जिल्ह्यांत, साक्री तालुक्यांतील राईनपाडा येथें, १ जुलै २०१८ रोजीं, रविवारच्या बाजाराच्या दिवशीं, नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पांच पुरुष जमावानें ठेंचून मारले. ते सोलापूर जिल्ह्याच्या मंगळवेढ्याकडून भिक्षा मागत इकडे आले होते. मुलें पळविणारे लोक फिरत आहेत, अशी अफवा त्यापूर्वीं कित्येक दिवस व्हॉट्सअॅपवरून हातोहात पसरत होती. त्यांपैकीं एकजण एका लहान मुलीशीं बोलतांना दिसला, एवढें निमित्त पुरें झालें. ग्रामपंचायतीच्या खोलींत कोंडून त्यांस मारण्यांत आलें. पुढें त्याच महिन्यांत व्हॉट्सअॅपच्या चालकांनीं हिंदुस्थानांत एक संदेश एका वेळीं पांचांहून अधिक ठिकाणीं धाडतां येऊं नये, असा निर्बंध घातला. पांच माणसें गेल्यावर पांचाची मर्यादा आली!

आतां दुसरें गांव पाहा. पालघर जिल्ह्याच्या डहाणू तालुक्यांतील गडचिंचले येथें १६ एप्रिल २०२० च्या रात्रीं, टाळेबंदी चालू असतां, सुरतेकडे अंत्यविधीसाठीं निघालेले जुना आखाड्याचे दोन साधु आणि त्यांचा मोटारचालक असे तिघे जमावानें मारले. तेथेंही चोर व मुलें पळविणारे रात्रीं फिरतात, हीच अफवा होती. राज्याच्या गुन्हे अन्वेषण विभागानें पुढें जें आरोपपत्र दाखल केलें, त्यांतही कारण म्हणून अफवेकडेच बोट दाखविलेलें आहे. दोन्ही ठिकाणीं अफवा एक, जमावाची भीति एक, मृतांचा वेषही बहुतांशीं एक. परंतु या दोन प्रकारांस वर्तमानपत्रांनीं दिलेलीं नांवें मात्र एक नाहींत. पहिल्यास म्हणतात "राईनपाडा हत्याकांड". दुसऱ्यास म्हणतात "पालघर साधु हत्याकांड".

या एका शब्दाच्या भेदांत आमच्या लेखाचा सर्व विषय सामावलेला आहे. राईनपाड्याचे मृत हे मथळ्यांत "भिक्षेकरी" झाले, "पांच जण" झाले, फार तर "भटक्या जमातीचे" झाले. त्यांच्या मरणावर जातीच्या व दारिद्र्याच्या अंगानें लिहिलें गेलें, आणि तें योग्यही होतें. परंतु त्यांस कोणी धर्मपुरुष म्हटलें नाहीं. वास्तविक नाथपंथाची महाराष्ट्रांतील प्रतिष्ठा लहान नाहीं. मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ति आणि मग ज्ञानदेव, अशी परंपरा स्वतः ज्ञानेश्वरांनीं आपल्या ग्रंथाच्या शेवटीं सांगितली आहे. ज्या पंथाच्या पोटीं मराठीचा श्रेष्ठ ग्रंथ जन्मला, त्या पंथाची झोळी खांद्यावर असलेला मनुष्य आमच्या मथळ्यास साधु वाटला नाहीं. गोसावी या शब्दाचें मूळ गोस्वामी आहे, हें शाळेंतला मुलगाही सांगेल. परंतु स्वामी होण्यासाठीं मठ लागतो, आखाडा लागतो, आणि मरणाचा उपयोग करून घेणारा कोणी तरी लागतो, असें दिसतें.

उलट गडचिंचल्यास "साधु" हा शब्द पुढें येतांच सारें प्रकरण धर्माचें झालें. मारणारे कोणत्या धर्माचे, हा प्रश्न दूरचित्रवाणीवरून इतक्या मोठ्यानें विचारला गेला, कीं २२ एप्रिल रोजीं राज्याच्या गृहमंत्र्यांस, अटक झालेल्या १०१ जणांत एकही मुसलमान नाहीं, असें जाहीर करावें लागलें. लोकशाही राज्यांतील मंत्र्यास खुनाच्या आरोपींचे धर्म सांगावे लागावेत, याहून मथळ्यांच्या सामर्थ्याचा दुसरा पुरावा नको. आणि एक गोष्ट कोणाच्या ध्यानांतच आली नाहीं. त्या रात्रीं तिघे मेले होते. तिसरा, मोटार हांकणारा, साधु नव्हता. म्हणून त्या नांवांत त्याला जागा उरली नाहीं. धर्माची मोजदाद सुरू झाली, कीं प्रथम मनुष्याचीच गणती चुकते.

यावर कोणी म्हणेल, ते दोघे साधु होतेच. मग साधु म्हटलें तर असत्य काय झालें? आमचें उत्तर असें, कीं असत्य कांहींच झालें नाहीं, आणि दोष नेमका येथेंच आहे. खोट्या शब्दाचा प्रतिकार करतां येतो. खरा शब्द अस्थानीं योजिला, म्हणजे त्याचा प्रतिकार होत नाहीं. घटनेच्या नांवांत जी ओळख घातली जाते, ती वाचक घटनेचें कारण म्हणून वाचतो. "साधु हत्याकांड" वाचणाऱ्यास ते साधु होते म्हणून मारले गेले, असें वाटल्यावांचून राहत नाहीं. परंतु जमावानें त्यांस चोर समजून मारलें होतें.

हा शब्द त्याच महिन्यांत इतका ज्वालाग्राही कां ठरला, हेंही पाहिलें पाहिजे. त्यापूर्वीं तीन आठवडे दिल्लीच्या निजामुद्दीन येथील तबलीगी जमातीच्या मेळाव्यावरून देशभर रान उठलें होतें. मरकज या अरबी शब्दाचा अर्थ केवळ केंद्र असा आहे. पंधरा दिवसांत तो मराठी वाचकाच्या कानांस रोगाचें नांव वाटूं लागला. त्या दिवसांतील क्रियापदेंही पाहण्यासारखीं आहेत. प्रवास बंद झाल्यामुळें देवळांत वा धर्मशाळेंत राहून गेलेले यात्रेकरु "अडकले", आणि मशिदींत राहून गेलेले "लपले", अशी वाटणी अनेक मथळ्यांत दिसे. अडकणारा दयेस पात्र होतो; लपणारा शिक्षेस. वस्तुस्थिति दोघांची सारखीच होती.

याचा निवाडाही आमच्याच बाजूस झाला. धुळें-जळगांव ज्याच्या अधिकारक्षेत्रांत येतात, त्या मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानें २१ ऑगस्ट २०२० रोजीं अहमदनगर जिल्ह्यांत नोंदलेले गुन्हे रद्द केले. अर्जदार एकोणतीस परदेशी व सहा भारतीय होते. छापील व दृक्श्राव्य माध्यमांनीं या परदेशी पाहुण्यांविरुद्ध मोठा प्रचार केला, रोग पसरविण्यास तेच जबाबदार असल्याचें चित्र उभें केलें, असें निकालपत्रांत नमूद आहे. आणि संबंधितांनीं पश्चात्ताप करून झालेली हानि भरून काढावी, असेंही सुचविलें आहे. न्यायालयानें वर्तमानपत्रांच्या शैलीवर एवढें स्पष्ट लिहावें आणि आमच्या टीकाकारांनीं मौन पाळावें, हें शोभण्यासारखें नाहीं.

हा दोष कोणा एका धर्माच्या वांट्यास आला, असेंही नाहीं. धुळ्याच्या दक्षिणेस याच आग्रा रस्त्यावर मालेगांव आहे. तेथें ८ सप्टेंबर २००६ रोजीं, शब-ए-बरातच्या दिवशीं, स्फोट झाले आणि मथळ्यांनीं दहशतवादास "इस्लामी" हें विशेषण लावलें. प्रथम पकडलेले मुसलमान आरोपी एप्रिल २०१६ मध्यें आरोपमुक्त झाले. २९ सप्टेंबर २००८ रोजीं तेथेंच पुन्हा स्फोट झाला आणि या वेळीं "भगवा" हें विशेषण निघालें. त्या खटल्यांतील सातही आरोपी ३१ जुलै २०२५ रोजीं विशेष न्यायालयानें निर्दोष सोडले. विशेषण पहिल्या आठवड्यांत येतें. निकाल दहा किंवा सतरा वर्षांनीं येतो. तोंवर विशेषणानें आपलें काम उरकलेलें असतें. भगवा रंग ज्ञानोबा-तुकोबांच्या दिंडीच्या पताकेचा, आणि इस्लाम हें कोट्यवधि लोकांच्या प्रार्थनेचें नांव. दोहोंस बाँबगोळ्याशीं जोडण्याचा अधिकार उपसंपादकास कोणी दिला? आणि दोन्ही वेळां मेलेले मालेगांवकर मात्र कोणाच्या विशेषणांत नव्हते.

याच्या उलट टोंकाचा दोषही आम्हीं जवळून पाहिला आहे. धुळें शहरांत ६ जानेवारी २०१३ रोजीं खाणावळीच्या बिलावरून निघालेल्या कुरबुरीचें पर्यवसान दंगलींत झालें आणि पोलिसांच्या गोळीबारांत सहा जण मृत्यु पावले. धर्माचें नांव छापूं नये या संकेतानुसार वर्तमानपत्रें अशा वेळीं "दोन गटांत दंगल" असें लिहितात. हेतु चांगला आहे. परंतु "दोन गट" म्हटलें, कीं गोळी झाडणारा तिसरा वाक्यांतून नाहींसा होतो, आणि ज्यास जें वाटेल तें तो त्या कोऱ्या जागेंत भरून घेतो. अतएव धर्माचें नांव नेहमीं वगळावें, असें आमचें म्हणणें नाहीं. धर्म हें कारण असेल तेथें तें निर्भयपणें सांगावें. नसेल तेथें तो मथळ्यांत आणूं नये. ज्या आकाराच्या अक्षरांत आरोप छापला, त्याच आकारांत निर्दोषता छापावी. आणि मृताची ओळख एकाच मापानें द्यावी; मठ असलेल्यास साधु व मठ नसलेल्यास भिक्षेकरी, असें करूं नये.

हें अशक्य आहे काय? आमच्यापासून पूर्वेस थोड्याच स्थानकांवर अमळनेर आहे. तेथून साने गुरुजींनीं १९३८ साली "काँग्रेस" साप्ताहिक चालविलें. ज्या लेखणीनें "भारतीय संस्कृति" लिहिली, तिनेंच "इस्लामी संस्कृति"ही लिहिली. पत्रकारास धर्माविषयीं जिव्हाळा असणें हा दोष नव्हे. तो अज्ञानानें व घाईनें धर्माचें नांव घेतो, हा दोष आहे.

परंतु सारा दोष संपादकांवर ढकलून आपण सुशिक्षितांनीं मोकळें होणें बरोबर नाहीं. मथळा घरांत मोठ्यानें वाचणारे आपणच असतों, आणि तो भ्रमणध्वनीवरून दहा घरीं पोंचविणारेही आपणच. राईनपाड्याच्या अफवेस छापखाना लागला नाहीं. तिला आपल्यासारखीं बोटें पुरलीं. "मुलें पळविणारी टोळी" या तीन शब्दांत टोळी हा शब्द नवा नाहीं. १८७१ च्या कायद्यानें अनेक भटक्या जमातींवर जन्मतःच गुन्हेगारीचा शिक्का मारला. तो कायदा १९५२ साली रद्द झाला. शब्द रद्द झाला नाहीं.

हल्लीं आमच्या आळींत डवराचा आवाज क्वचित् येतो. मागें एके सकाळीं तो आला, तेव्हां दोन घरांचीं दारें लागलीं आणि एका आईनें ओट्यावर खेळणारें मूल आंत ओढून घेतलें. तिला आम्ही दोष देत नाहीं. तिनें वाचलेलें होतें. आमच्या आजीला वाचतां येत नव्हतें.