धोतरा : तीन ग्रंथांत आणि देवळात

सांप्रत आमच्या घरांतील मुलांच्या हाती जी अद्भुत कथांची पुस्तके दिसतात, त्यांत एखादी काळी वनस्पती हटकून असते. ‘हॅरी पॉटर’ मालेतील १९९८ साली निघालेल्या दुसऱ्या पुस्तकात मॅन्ड्रेक नावाचे झाड आहे. ते उपटले की किंचाळते, आणि पूर्ण वाढलेल्या झाडाची किंकाळी ऐकणारा मरतो. त्याहून पुष्कळ जुनी, १८४४ सालची, हॉथॉर्न या अमेरिकन लेखकाची एक कथा आहे. तीत पादुआ नगरीतील एका वैद्याची मुलगी विषारी फुलांच्या बागेत वाढते आणि स्वतःच विष होऊन बसते. ही आमच्याकडील विषकन्याच होय. हिंदुस्थानच्या एका राजाने सिकंदराकडे धाडलेल्या अशाच एका स्त्रीची गोष्ट त्या कथेतील एक पात्र सांगतेही. मॅन्ड्रेक हे झाडही निव्वळ कल्पित नव्हे. भूमध्य समुद्राच्या काठी ते खरोखरच उगवते, आणि त्याचे कूळ वांग्याचे, म्हणजेच आमच्या धोतऱ्याचे आहे.

या पुस्तकांवर रुष्ट होण्याचे आम्हांस कारण दिसत नाही. मुलांनी ती खुशाल वाचावीत. मात्र ती चाळताना आमच्या मनात एक निराळाच विचार आला. सुमारे सव्वाचारशे वर्षांपूर्वी युरोपच्या वाचकाला गोवा हाच असा एक अद्भुत प्रदेश होता, आणि त्या प्रदेशातील काळी वनस्पती म्हणजे आमच्या उकिरड्यावर, वाटेच्या कडेला आणि पडीक पोरसात आपसूक उगवणारा धोतरा. त्याच्याविषयी जे ग्रंथ लिहिले गेले त्यांपैकी तिघांचा येथे परामर्श घ्यावयाचा आहे. तिन्ही आमच्याच किनाऱ्यावर जमविलेल्या माहितीचे असून एकमेकांपासून फार भिन्न आहेत.

पहिला ग्रंथ गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्याचा. १५३४ साली तो हिंदुस्थानात आला, अहमदनगरच्या निजामशहाच्या पदरीही त्याने वैद्यकी केली, आणि १५६३ साली गोव्यातच छापलेल्या आपल्या संवादग्रंथात त्याने येथील औषधी व मसाल्यांची माहिती दिली. त्यात धोतऱ्याचा प्रसंग असा येतो : दोघे वैद्य बोलत बसले असता एका घरची मोलकरीण धावत येऊन सांगते की, आमच्या धनिणीला घरातल्या गुलाम बाईने धोतरा चारला, चाव्या घेतल्या, अंगावरचे दागिने उतरविले आणि ती दुसऱ्या एका गुलामासोबत पळाली. धनीण मात्र हसते आहे. काहीही विचारले तरी हसते.

ऑर्ता गडबडून जात नाही. चोर हे बी अन्नात मिसळतात, त्याचा अंमल साधारणतः चोवीस तास राहतो, त्या अवस्थेत माणूस उदार होऊन जवळचे सर्व काही देऊन टाकतो, आणि उपाय म्हणजे ओकारी व रेच, असे तो सांगतो व कामाला लागतो. या झाडाचे नावही तो दोन भाषांतून देतो. मलबारी लोक ‘उन्मत्त’ या शब्दावरून बनलेले नाव घेतात आणि येथील लोक जे म्हणतात ते त्याने ‘दातिरो’ असे काहीसे लिहून ठेवले आहे. त्यातला आमच्या कोकणीचा उच्चार कानाला लगेच ओळखू येतो. हे चार पानांतले काम आहे. परंतु त्यात एका जाणत्या वैद्याचे डोके स्थिर असल्याचा प्रत्यय येतो. हा माणूस यहुदी घराण्यातून ख्रिस्ती झालेला होता. १५६८ साली तो वारला, पुढच्याच वर्षी त्याच्या बहिणीला इन्क्विझिशनने जाळले, आणि १५८० साली त्याची हाडे उकरून तीही जाळण्यात आली. स्वतः अशा सावलीखाली जगत असता त्याने विषाविषयी जे लिहिले त्यात भयाचा बाजार कोठेही मांडलेला नाही, ही गोष्ट आम्हांस विशेष वाटते.

दुसरा ग्रंथ डच प्रवासी लिन्सखोटेन याचा. हा गोव्यात १५८३ पासून १५८८ पर्यंत आर्चबिशपच्या पदरी चिटणीस होता. त्याचे प्रवासवर्णन १५९६ साली ॲम्स्टरडॅम येथे निघाले, दोन वर्षांत इंग्रजीत आले, आणि पाहता पाहता लॅटिन, जर्मन व फ्रेंच भाषांत पोहोचले. सागरी वाटांच्या माहितीसाठी या ग्रंथाचे मोल फार मोठे. डच आणि इंग्रज व्यापारी त्याच्याच आधाराने पूर्वेकडे निघाले. असा ग्रंथ सामान्य कौतुकाचा विषय नव्हे. परंतु त्यात गोव्यातील पोर्तुगीज व मिश्र रक्ताच्या स्त्रियांचे जे प्रकरण आहे, तेथे धोतरा पुन्हा येतो आणि त्याचे सोंग पूर्ण पालटलेले असते. बायका आपल्या नवऱ्यांना धोतरा पाजतात. नवरा डोळे उघडे ठेवून वेड्यासारखा हसत बसतो. त्याच्या समोरच त्या प्रियकराला घरात घेतात. चोवीस तासांनी तो शुद्धीवर येतो तेव्हा त्याला झोप लागली होती एवढेच वाटते. आणि त्याआधी जागे करावयाचे असेल तर थंड पाण्याने पाय धुवावेत. इतकेच नव्हे, तर ठरविलेल्या मुदतीनेच प्राण घेणारी विषेही त्यांना अवगत असल्याचे तो सांगतो.

येथे आमचा आक्षेप आहे, आणि तो नीतीचा नसून गोष्टीच्या सचोटीचा आहे. धोतऱ्यातील ॲट्रोपीन, हायोसायमीन व स्कोपोलामीन ही द्रव्ये आज सर्वज्ञात आहेत. त्यांनी तोंड कोरडे पडते, डोळ्यांच्या बाहुल्या विस्फारतात, जवळचे दिसेनासे होते, भ्रम होतो, आणि पुढे त्या वेळेची आठवण राहत नाही. तेव्हा हसणारा नवरा आणि पुसलेली आठवण या दोन गोष्टींत लिन्सखोटेन सर्वस्वी खोटा नाही. परंतु त्याची कथा उभी राहण्यासाठी धोतरा आज्ञाधारक असावा लागतो. घरच्या बाईने आज जेवढा दिला तेवढाच अंमल उद्याही व्हावा, नवरा दर खेपेस ठरलेल्या वेळी शुद्धीवर यावा, आणि हा खेळ पुनःपुन्हा चालावा, हे सर्व गृहीत धरावे लागते. प्रत्यक्षात या झाडाइतका बेभरवशाचा सेवक दुसरा नाही. एका बोंडातील बी आणि दुसऱ्या बोंडातील बी, पावसाळ्यातील पान आणि उन्हाळ्यातील पान यांत विषाचे प्रमाण सारखे नसते. गुंगी आणि मरण यांमधले अंतर किती, ते बी वाटणाऱ्या हाताला कळत नाही. धोतऱ्याचा खरा काळोख येथे आहे. लिन्सखोटेनने तो पाहिला नाही. त्याऐवजी त्याने एका स्त्रीजातीचा स्वभाव वर्णिला, आणि झाड त्या स्वभावाची खूण म्हणून वापरले. अद्भुत कादंबरीतील काळी वनस्पती नेमके हेच करते. ती लेखकाच्या मर्जीने मारते आणि त्याच्या मर्जीने सोडते.

नंतरच्या लेखकांना ऑर्ताची चार पाने आठवली नाहीत. लिन्सखोटेनचा हसणारा नवरा मात्र पुस्तकापुस्तकांतून फिरत राहिला. लिन्सखोटेनने ज्या स्त्रियांविषयी लिहिले होते त्या कोणत्या, हा भेदही वाटेत गळून गेला, आणि गोव्याचे प्रत्येक घर काळ्या झाडाच्या सावलीत जाऊन बसले.

तिसरा ग्रंथ पाहताच मन प्रसन्न होते. कोचीच्या डच अधिकाऱ्याने, व्हान रेडेने, सिद्ध केलेला ‘हॉर्टस मलाबारिकस’ १६७८ पासून १६९३ पर्यंत बारा खंडांत निघाला. त्याच्या सिद्धतेत इट्टी अच्युतन या मलयाळी वैद्याबरोबर रंगभट, विनायक पंडित व आपुभट हे तिघे कोकणीभाषी ब्राह्मण वैद्य होते. १६७५ सालचे त्यांचे नागरी लिपीतील प्रशस्तिपत्र पहिल्या खंडात छापलेले आहे; आपल्या निघंटूच्या आधारे दोन वर्षे सकाळसंध्याकाळ आपण हे काम केले, असे ते त्यात सांगतात. गोमंतकातून देशोधडीला लागलेल्या समाजाची ही लेकरे. या ग्रंथाच्या पहिल्या खंडात काजरा आहे, दुसऱ्यात धोतरा आहे. दोघांचीही चित्रे, पाने, फुले, बिया, गुणदोष असे सारे आहे, आणि कोणाच्या बायकोविषयी एक अक्षर नाही. वाङ्मय म्हणून हा ग्रंथ रुक्ष आहे हे आम्ही नाकबूल करीत नाही. त्यात रात्र नाही, हसणे नाही, पळालेली दासी नाही. धोतऱ्यापुरते बोलावयाचे तर हा रुक्षपणा आम्हांस औषधासारखा वाटला.

काजऱ्याविषयी वास्तविक स्वतंत्रच लिहावयास हवे. डिचोलीच्या बाजूच्या रानांत नारिंगी फळांनी लगडलेला काजरा पाहून नवख्याला मोह पडतो. त्याच्या बिया बटणासारख्या चपट्या व मखमली. त्यांतील स्ट्रिक्नीन माणसाला आचके देऊन मारते. आणि त्याच फळाचा गर धनेश पक्षी खाऊन सुखाने उडून जातो. आमच्या रसशास्त्राने काजरा व धोतरा या दोघांनाही उपविषांत बसविले आणि शोधनावाचून त्यांना हात लावू नये असा दंडक घातला. असो.

भाषेनेही या झाडाची परीक्षा फार पूर्वीच करून ठेवली आहे. अमरकोशात धोतऱ्याला उन्मत्त, कितव, धूर्त अशी नावे आहेत, आणि कनक म्हणजे सोन्याचीही सारी नावे त्याला लागू केली आहेत. वेडा, जुगारी, ठक आणि सोने ही सर्व एकाच झाडाची नावे आहेत. हे नामकरण करणाऱ्याला झाडाचा गुण माहीत होता, आणि त्या गुणाला भुलणाऱ्या माणसाचाही.

देवळात याच ज्ञानाचा व्यवहार दिसतो. आमच्या डिचोली महालातील नार्वे येथे श्रीसप्तकोटेश्वराचे स्थान आहे. दिवाडी बेटावरील मूळ देऊळ मोडल्यावर देव नदीपलीकडे आला, आणि १६६८ साली शिवछत्रपतींनी तेथील देवळाचा जीर्णोद्धार केला, हे वाचकांस विदित आहे. हालाहल पचविणाऱ्या त्या देवाच्या पिंडीवर धोतऱ्याचे फूल आणि काटेरी बोंड वाहण्याची आपली सार्वत्रिक रीत आहे. तेच बोंड प्रसाद म्हणून कोणी तोंडात घालीत नाही. लहान मूलही आजीकडून एवढे शिकलेले असते. पेडण्याच्या पुनवेस भगवतीच्या देवळापुढे भूतनाथाचा तरंग रानाकडे धाव घेतो, एका रात्रीत देऊळ बांधून द्या म्हणतो, आणि मंडळी त्याची समजूत घालून त्याला परत आणतात. साळ गावी होळीच्या रात्री गडे काळोखात धावतात व पुन्हा देवाकडे येतात. भयाला एक रात्र, एक जागा आणि परतण्याची एक वाट नेमून देण्याची ही पद्धत आहे. आमच्यापैकी काही गूढकथाकार या रात्रींचा आणि या झाडांचा केवळ पडद्यासारखा वापर करतात, तेव्हा परतण्याची वाट तेवढी वगळतात. परक्या प्रवाशाला हे क्षम्य होते. घरच्या लेखकाला ते आम्ही क्षम्य मानीत नाही.

वनस्पतीचे भय कोणाला वाटावे हेही सत्तेवर अवलंबून असते. प्रा. प्रियोळकरांनी आपल्या १९६१ सालच्या इन्क्विझिशनवरील ग्रंथात १७३६ च्या जाहीरनाम्याची माहिती दिली आहे. त्यात ख्रिस्ती झालेल्यांनी घरात, अंगणात, बागेत तुळस लावू नये, असलेली उपटून टाकावी, अशी आज्ञा आहे. पेडणे व डिचोली तेव्हा पोर्तुगीजांकडे नव्हती. ती त्या शतकाच्या अखेरच्या दशकांत गेली. जुन्या काबिजादींत मात्र राज्यकर्त्यांच्या दृष्टीने घातक झाड तुळशीचे ठरले होते.

येथवर वाचकांनी मान डोलावली असेल. आता एक अप्रिय गोष्ट. लग्न झालेला मुलगा बायकोचे ऐकू लागला, आईशी तुटक बोलू लागला, की आमच्याच वाड्यावाड्यांतून काय बोलले जाते? ‘तिने त्याला काहीतरी चारले.’ कोणी करणी म्हणते, कोणी पाल्याचे नाव घेते. देवापुढे कौल मागतानाही हा संशय मनात घेऊन माणसे उभी राहतात, हे आम्ही पाहिले आहे. लिन्सखोटेनने पोर्तुगीज व मिश्र स्त्रियांविषयी जे लिहिले त्याहून यात निराळे ते काय? त्या सुनेच्या हातचे पुढे कोणी सहज जेवत नाही. आणि तिला हे कळत असते.

म्हणून या तीन ग्रंथांत आम्ही पुनःपुन्हा परतून जातो ते ऑर्ताच्या त्या संवादाकडे. तेथेही एक उणीव राहिलीच आहे. धनिणीची नाडी पाहिली जाते, ओकारी दिली जाते, झाडाची नावे सांगितली जातात. दागिने गेले हे कळते. जिने अन्नात बी मिसळले ती त्या घरात किती वर्षे होती, कोठून विकत आणलेली होती, चाव्यांच्या त्या जुडग्यातली कोणती चावी तिला हवी होती, याची चौकशी करावी असे दोघांही वैद्यांना वाटत नाही. ग्रंथातले सारे निदान धनिणीचे आहे. त्या दासीच्या दुखण्याकडे कोणी वळून पाहत नाही.